खाकी मोज्यांचे तीन जोड

गेली काही वर्षे या सदरातून मी आपल्या भेटीला येतो, तो बहुधा एखादा जुना शब्द, एखादी विस्मरणात गेलेली म्हण किंवा वर्गातली एखादी गंमत घेऊन. दिवाळीच्या फराळाबरोबर वाचायला तेवढे पुरते, अशी माझी आजवरची समजूत. यंदा मात्र मी फुटबॉलविषयी लिहिणार आहे, असे संपादकांना कळवले तेव्हा फोनवर क्षणभर काहीच ऐकू आले नाही. मग त्यांनी विचारले, “सर, तुम्ही कधी फुटबॉल खेळला आहात?”

मी प्रामाणिकपणे सांगितले की शाळेत एकदा खेळलो होतो. चेंडू माझ्याकडे आलाही होता. पण तो का आला आणि आता त्याचे काय करायचे, हे मला कोणी सांगितलेले नव्हते. मी डोळे मिटून लाथ मारली आणि चेंडू शाळेच्या कौलांवर गेला. ड्रिलमास्तरांनी मला बाहेर बसवले. तेव्हापासून फुटबॉलचा आणि माझा संबंध संपला.

संपादक हसले. मला मात्र ते हसण्यावारी नेता येईना. कारण ‘का’ या एका अक्षराने मला यंदाच्या पावसाळ्यात धामणकर नाक्यावर, भर गर्दीत, गाठले होते.

मी भिवंडीच्या एका महाविद्यालयात मराठी शिकवतो. धामणकर नाका ज्यांनी पाहिलेला नाही त्यांनी एवढेच डोळ्यांसमोर आणावे : वर मेट्रोचे खांब, खाली रिक्षा, कापडाचे तागे लादलेले टेम्पो, सुताने भरलेले ट्रक, आणि या सगळ्यांतून वाट काढणारी माणसे. जवळच पद्मानगर. तिथे तेलंगणातून आलेल्या विणकरांची कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या राहतात. आणि या साऱ्याच्या पोटात, गल्लीगल्लीतून, यंत्रमागांची खटखट. पाहुण्याला ती आल्याबरोबर ऐकू येते. आम्हा राहणाऱ्यांना ती थांबली म्हणजे ऐकू येते.

अशाच एका गल्लीतला एक मुलगा द्वितीय वर्षाच्या माझ्या वर्गात आहे. वडील मागावर कामाला, बहुतेक रात्रपाळीला. घरी तेलुगू, गल्लीत हिंदी आणि वर्गात मराठी, अशा तीन भाषांतून तो रोज ये-जा करतो. जुलैमध्ये मी वर्गाला निबंध लिहायला दिला होता : ‘माझ्या घराभोवतीचे आवाज’. त्याला दहापैकी सहा गुण दिले. वही घेऊन तो टेबलापाशी आला आणि म्हणाला, “सर, चार कुठे गेले?”

असा प्रश्न मला बरेच विद्यार्थी विचारतात. पण त्यांना बहुधा गुण वाढवून हवे असतात. मी सवयीने म्हणालो, “अरे, निबंधात दहापैकी सहा म्हणजे काही वाईट नाहीत. पुढच्या वेळी आणखी प्रयत्न कर.”

“हो सर. पण चुकलं काय?”

तेवढ्यात तास संपल्याची घंटा झाली. घंटेचे शिक्षकावर किती उपकार असतात, हे शिक्षकालाच ठाऊक.

पुढे महिनाभराने, ऑगस्टमधल्या एका संध्याकाळी, पाऊस चुकवायला मी नाक्यावरच्या एका चहाच्या टपरीच्या ताडपत्रीखाली उभा राहिलो. तिथे तो होता. गळ्यात बुटांचा जोड अडकवलेला, अंगावर चिखल. मला पाहताच त्याने दोन कटिंग सांगितल्या.

“फुटबॉल खेळतोस?” मी विचारले.

“हो सर. रविवारी गल्लीतल्या पोरांना शिकवतो पण.”

“तुला कोणी शिकवलं?”

“कोणी नाही सर. मोबाइलवर बघतो. आणि चुकलं की का चुकलं ते शोधत बसतो. तो होगन करायचा तसं.”

“कोण हा होगन?”

“इंग्लंडचा होता सर, खूप जुना. एकदा त्याचा गोल हुकला, म्हणून त्यानं मॅनेजरला विचारलं, माझं काय चुकलं? मॅनेजर म्हणाला, मारत राहा, दहापैकी एक गेला तरी पुष्कळ.”

चहा गरम होता. त्यावर फुंकर घालत मी विचारले, “मग?”

“मग काय सर. त्यानं मॅनेजरला पुन्हा कधी विचारलं नाही.”

त्याच्या बोलण्यात टोमणा नव्हता, हे मी शपथेवर सांगतो. तो मला एक गोष्ट सांगत होता, इतकेच. पण वाचकहो, त्या रात्री मी जिमी होगनचे चरित्र शोधून वाचायला बसलो तो कुतूहलापोटी नव्हे; वर्मी लागल्यामुळे.

जिमी होगनचा जन्म १६ ऑक्टोबर १८८२ रोजी इंग्लंडातल्या नेल्सन गावी झाला. नेल्सन आणि शेजारचे बर्नली ही लँकेशायर परगण्यातली विणकरांची गावे. ज्या विलायती कापडाच्या आपल्याकडे होळ्या पेटल्या, त्यातले कितीतरी कापड याच परगण्यात विणलेले असे. १९१० च्या सुमारास एकट्या बर्नलीत जवळपास एक लाख यंत्रमाग होते. क्रिकेटच्या शौकिनांना नेल्सन हे नाव निराळ्या कारणाने ठाऊक असेल. वेस्ट इंडीजचा लिअरी कॉन्स्टंटाइन १९२९ पासून तिथल्या क्लबकडून खेळला, आणि १९८१ मध्ये आपला कपिल देवही. होगनचे वडील गिरणीत कामाला होते. म्हणजे होगनही मागांच्या खटखटीतच वाढला. आणि धामणकर नाक्यावरच्या माझ्या विद्यार्थ्याला तो इतका जवळचा का वाटावा, याचा थोडा उलगडा मला पहिल्याच पानावर झाला.

वडील धार्मिक कॅथलिक. मुलाने धर्मगुरू व्हावे अशी त्यांची इच्छा. त्यासाठी त्याला मँचेस्टरच्या सेंट बीड्स कॉलेजात घातले. मुलगा हुशार निघाला, पण धर्मगुरू काही झाला नाही. फुटबॉल खेळू लागला. नेल्सन, बर्नली, फुलहॅम, स्विंडन, बोल्टन असे त्याने क्लब बदलले. खेळाडू म्हणून तो बरा होता, थोर नव्हता. पायात वेग यावा म्हणून त्याने घरीच एक जागेवर उभी राहणारी सायकल तयार केली होती आणि तीवर तो रोज तीस मैलांचे पायडल मारी. पुढे त्याच्या लक्षात आले की यामुळे वेग तर वाढत नाहीच, उलट पोटऱ्या तेवढ्या आखडतात. ज्याला आपली चूक अशी आपणच शोधून काढावी लागते, त्याला शिकवणाऱ्याची किंमत कळते.

दहापैकी एकाची ती गोष्ट बर्नली क्लबातली, विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीची. होगन चेंडू घेऊन आत शिरला, फटका मारला, आणि चेंडू गोलाच्या दांडीवरून गेला. त्याने व्यवस्थापकाला विचारले : माझा पाय चुकीच्या जागी होता का? तोल गेला होता का? व्यवस्थापकाने उत्तर दिले ते आपण वर वाचलेच. तो मनुष्य वाईट नव्हता. त्या काळी इंग्लंडात सगळेच असे उत्तर देत. फुटबॉल हा आमचा खेळ, तो आमच्या रक्तातच आहे, तो काय शिकवायचा, अशी समजूत. सराव म्हणजे मैदानाला फेऱ्या मारणे. आठवडाभर खेळाडूंना चेंडू दाखवायचाच नाही, म्हणजे शनिवारी सामन्यात त्यांना चेंडूची भूक लागेल, असेही एक शास्त्र होते. उपासाने स्वयंपाक येतो, असे म्हणण्यासारखेच हे! होगनचे म्हणणे साधे होते : चेंडूशी खेळायचे आहे, तर सराव चेंडूनेच करा, आणि चुकले तर का चुकले ते पाहा.

फुलहॅमला त्याला काही स्कॉटिश खेळाडू भेटले. ते चेंडू उंच भिरकावून त्यामागे धावत नसत. जमिनीलगत, आखूड पास देत एकमेकांकडे सोपवत पुढे जात. होगनने हे डोळ्यांत साठवून ठेवले. पुढे बोल्टनचा संघ हॉलंडच्या दौऱ्यावर गेला आणि डॉर्ड्रेख्ट गावच्या संघाला त्याने दहा-शून्य असे हरवले. बाकीचे खेळाडू आनंदाने परतले. होगनच्या मनात आले की या पोरांना खेळायचे कसे हे कोणीतरी शिकवले पाहिजे. आपण परत यायचे. आणि १९१० साली, वयाच्या सत्ताविसाव्या-अठ्ठाविसाव्या वर्षी, तो खरोखरच डॉर्ड्रेख्टला शिकवायला गेला. तिथले खेळाडू बरेचसे महाविद्यालयात शिकणारे. त्याने फळा मागवला, खडू घेतला आणि मैदान फळ्यावर काढून दाखवले. विद्यार्थ्यांना शिकायचे होते आणि मास्तराला शिकवायचे होते. असा योग किती दुर्मिळ असतो, ते मला विचारा.

१९१२ मध्ये त्याला व्हिएन्नाहून बोलावणे आले. ऑस्ट्रियाच्या फुटबॉलचा सूत्रधार ह्यूगो माइझल याने एका इंग्रज पंचाला विचारले होते, की आम्हाला शिकवील असा कोणी आहे का? पंचाने होगनचे नाव सांगितले. पहिले काही दिवस मात्र फसले. खेळाडूंना तो काय म्हणतो ते कळेना, आणि तो फारच प्राथमिक गोष्टी शिकवतो असे त्यांना वाटू लागले. होगन आणि माइझल यांनी बसून शिकवण्याची रीतच बदलली. मला ही हकीकत फार मोलाची वाटते. विद्यार्थ्यांना कळत नाही असे दिसताच, विद्यार्थी न बदलता शिकवणे बदलणारा शिक्षक मी माझ्या नोकरीत फार थोड्या वेळा पाहिला आहे. आरशात तर क्वचितच.

१९१४ साली तो बायकामुलांसह पुन्हा व्हिएन्नाला गेला. १९१६ च्या ऑलिंपिकसाठी ऑस्ट्रियाचा संघ तयार करायचा होता. ते ऑलिंपिक कधी झालेच नाही. महायुद्ध पेटले आणि होगन रातोरात शत्रुराष्ट्राचा नागरिक ठरला. त्याला अटक झाली. व्हिएन्नात मोठे दुकान चालवणारे ब्लाइद नावाचे दोघे इंग्रज बंधू जामीन राहिले म्हणून तो छावणीतून वाचला. पुढे सुमारे दीड वर्ष तो त्यांच्या घरी राहून मुलांना टेनिस शिकवत होता. बायकामुले इंग्लंडला परत गेली. मग बुडापेस्टच्या एम.टी.के. क्लबाच्या एका वजनदार पदाधिकाऱ्याने खटपट करून त्याला हंगेरीत नेले. पोलिसांकडे हजेरी लावायची आणि उरलेल्या वेळात फुटबॉल शिकवायचा, अशी अट.

बुडापेस्टच्या एका बागेत खेळणारी दोन पोरे त्याने हेरली : ओर्थ आणि ब्राउन. त्यांना रोज शाळा सुटली की मैदानावर न्यायचे आणि शिकवायचे. दोघेही पुढे हंगेरीच्या राष्ट्रीय संघातून खेळले. एम.टी.के.ने लागोपाठ अजिंक्यपदे मिळवली. युद्ध संपल्यावर होगन मायदेशी निघाला. पण त्याने पेरलेले तिथे राहिले.

आता ते मोजे.

इंग्लंडात परतला तेव्हा होगनच्या खिशात काही नव्हते. युद्धामुळे हाल झालेल्या व्यावसायिक खेळाडूंना मदत देण्यासाठी एक निधी आहे, असे त्याच्या कानावर आले. तो लंडनला फुटबॉल संघटनेच्या कचेरीत गेला. चिटणीस होते फ्रेडरिक वॉल. होगन पुढे सांगत असे, की त्याच्या हातात पैसे नव्हे, खाकी लोकरी मोज्यांचे तीन जोड ठेवण्यात आले. आणि वर सांगण्यात आले की आघाडीवरच्या आपल्या पोरांना हेही मिळाले तर आनंद व्हायचा. शत्रूच्या देशात युद्ध सुखाने काढून आलेला माणूस, असा त्याचा अर्थ. होगनने तो विसरला नाही.

तो पुन्हा बाहेर पडला. स्वित्झर्लंड, मग जर्मनी. जर्मनीतली एक हकीकत तर मी आमच्या शिक्षकांच्या खोलीत तीनदा सांगितली आहे. होगनला व्याख्यान द्यायचे होते आणि त्याचे जर्मन कच्चे. शब्द चुकू लागले, श्रोते हसू लागले. तेव्हा या गृहस्थाने व्याख्यान थांबवले, बूट काढले, मोजे काढले आणि अनवाणी पायांनी, एकदा उजव्या आणि एकदा डाव्या, चेंडू मारून समोरची लाकडी फळी फोडली. हसणे थांबले. याच काळात ड्रेस्डेनला त्याच्या हाताखाली एक कोवळा मुलगा शिकत होता. त्याचे नाव हेल्मुट शोन.

१९३१-३२ त ऑस्ट्रियाचा संघ साऱ्या युरोपात गाजला. ‘अद्भुत संघ’ असेच त्याला म्हणत. स्कॉटलंडला त्याने व्हिएन्नात पाच-शून्य हरवले. १९३२ च्या डिसेंबरात लंडनमध्ये इंग्लंडविरुद्धच्या सामन्याची तयारी करून घ्यायला माइझलने होगनलाच बोलावले. इंग्लंड कसेबसे चार-तीन जिंकले. त्यानंतर तरी मायदेशाने आपल्या माणसाला ओळखायला हवे होते. १९३४ मध्ये फुलहॅमने त्याला व्यवस्थापक केलेही. पण मुरलेल्या खेळाडूंना ‘शिकणे’ म्हणजे अपमान वाटला. एकतीस सामन्यांनंतर, होगन अपेंडिक्सच्या शस्त्रक्रियेसाठी इस्पितळात असताना, त्याला काढून टाकण्यात आले. तो ऑस्ट्रियाला परतला आणि १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रियाच्या हौशी खेळाडूंचा संघ अंतिम सामन्यापर्यंत नेला. मग ॲस्टन व्हिला क्लबाकडे आला आणि १९३८ मध्ये त्या क्लबाला दुसऱ्या विभागातून पहिल्या विभागात चढवले. म्हणजे संधी दिली तेव्हा त्याचे शिकवणे इंग्लंडच्या मातीतही रुजले. पुन्हा युद्ध आले आणि तेही थांबले.

आता २५ नोव्हेंबर १९५३. लंडनचे वेम्ब्ली मैदान, एक लाखावर प्रेक्षक. समोर हंगेरी. तोवर युरोप खंडातल्या एकाही संघाने इंग्लंडला इंग्लंडमध्ये हरवलेले नव्हते. पहिल्याच मिनिटात हिडेगकुटीने गोल केला. अर्धा तास व्हायच्या आत हंगेरीचे चार गोल झाले होते. पुश्काशने चेंडू पायाच्या तळव्याने मागे ओढला आणि अडवायला आलेला इंग्लंडचा कर्णधार रिकाम्या जागेवर घसरत गेला. शेवटी हंगेरी सहा, इंग्लंड तीन. सामन्यानंतर हंगेरीचे प्रशिक्षक गुस्ताव शेबेश यांनी सांगितले, की आम्ही जिमी होगनने शिकवले तसे खेळलो. आमच्या फुटबॉलचा इतिहास लिहाल तेव्हा त्याचे नाव सोन्याच्या अक्षरांनी लिहा.

आणि होगन? एकाहत्तर वर्षांचा होगन त्याच मैदानात, प्रेक्षकांत बसला होता. ॲस्टन व्हिलाच्या लहान पोरांना तो सामना दाखवायला घेऊन आला होता. एकीकडे त्याचा देश हरत होता, दुसरीकडे त्याची विद्या जिंकत होती. आणि शेजारी बसलेल्या पोरांना तो अजूनही शिकवत होता. त्याला त्या वेळी काय वाटले असेल, याचा तर्क मी पुष्कळ रात्री केला. मोज्यांची आठवण झाली असेल का? मला वाटते, नसेल. पोरे बरोबर असली की शिक्षकाला आपले अपमान आठवायला सवड नसते.

३० जानेवारी १९७४ रोजी, एक्याण्णव वर्षांचा होऊन, तो बर्नलीत वारला. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये पश्चिम जर्मनीने विश्वचषक जिंकला. त्या संघाचा प्रशिक्षक होता ड्रेस्डेनचा तो मुलगा, हेल्मुट शोन.

अशी माणसे आपल्याकडे नव्हती असे नाही. मुंबईच्या कूपरेजवर रोव्हर्स कपाचे सामने भरत तेव्हा १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे हा चषक हैदराबाद पोलिसांच्या संघाने नेला. त्यांना घडवणारे सय्यद अब्दुल रहीम हे मुळात शाळामास्तर. १९६२ मध्ये जाकार्ताला भारताने फुटबॉलचे आशियाई सुवर्णपदक मिळवले तेही त्यांच्याच हाताखाली, आणि तेव्हा त्यांना कर्करोगाने ग्रासले होते. पुढच्याच वर्षी ते गेले. आणि शिवाजी पार्कवरचे रमाकांत आचरेकर सर तर आपल्या घरातलेच. स्वतः प्रथम दर्जाचा एकच सामना खेळलेला हा माणूस यष्टीवर एक रुपयाचे नाणे ठेवून मुलांना फलंदाजी शिकवत असे. नाणे छोटे होते. पण बाद झालास तर का झालास, हा हिशेब त्या नाण्यापाशी चुकता होई. यांतल्या कोणीही विद्यार्थ्याला ‘दहापैकी एक पुष्कळ’ असे सांगून घरी पाठवलेले नाही. मी मात्र सहा पुष्कळ म्हणून पाठवले होते.

सप्टेंबरमध्ये मी त्या मुलाला वही घेऊन शिक्षकांच्या खोलीत बोलावले. तो घाबरतच आला. मी म्हणालो, “बस. आपण तुझे चार गुण शोधू.”

वहीत मी सात ठिकाणी लाल वर्तुळे केली होती. शेजारी एक अक्षरही लिहिले नव्हते. ‘रात्री सूत तुटला की बाबा उठतात.’ ‘सकाळपर्यंत कापड विणला जातो.’ ‘घर हलतो.’ मी वर्तुळामागून वर्तुळ पाहत गेलो आणि चौथ्या वर्तुळाशी थांबलो. जुलैमध्ये मला ह्या सात चुका दिसल्या होत्या. आता पाहिले तर सूत, कापड, घर, पाणी, दूध, सगळे शब्द एकाच घराण्यातले. मराठीत ते नपुंसकलिंगी. हिंदीत नपुंसकलिंग नाहीच. तिथे सूत तुटतो, कपडा विणला जातो, घर हलतो. पोरगा गल्लीतल्या हिंदीने मराठीत शिरत होता आणि ‘ते’ नावाची तिसरी खोली या घरात आहे, हे त्याला इतक्या वर्षांत कोणी दाखवलेलेच नव्हते. मी ते सांगितले. तो वहीकडे पाहत राहिला. मग हळूच म्हणाला, “म्हणजे सर, माझ्या सात चुका नव्हत्याच. एकच होती.”

त्या एका चुकीचे दोन गुण. तिसरा गुण शेवटासाठी. निबंधाचा शेवट ‘अशा प्रकारे हे आवाज आपल्याला एकतेचा संदेश देतात’ असा होता. मी विचारले, “हे तुला खरंच वाटतं?” तो म्हणाला, “नाही सर. पण निबंध असाच संपवायचा असतो ना?” “कोणी सांगितलं?” तो गप्प राहिला. मग मला आठवले, की प्रथम वर्षाला परीक्षेच्या तोंडावर ‘शेवट संदेशात्मक असावा’ असे फळ्यावर मीच लिहून दिले होते.

राहिला चौथा गुण. मी निबंध दोनदा वाचला, पाठपोट पाने उलटली. तो गुण मी का कापला होता, ते मला सापडेना. दहापैकी सात द्यायचा हात मला नाही, एवढेच कारण असावे. मी त्याला तसे सांगितले. शिक्षक असे म्हणू शकतो यावर त्याचा विश्वास बसला नसावा. थोडा वेळ थांबून त्याने विचारले, “मग सर, सात?”

मी लाल पेन काढले आणि सहाचे सात केले.

आठवड्याने तो नवा शेवट लिहून घेऊन आला. चारच शब्दांची तीन वाक्ये म्हणा ना : वीज गेली, माग थांबले आणि त्या शांततेने आई दचकून जागी झाली. ‘कापड’ आणि ‘सूत’ सगळीकडे जागेवर होते. मी गुण दिले नाहीत. वही माझ्याकडे ठेवून घेतली.

त्या रविवारी त्याने मला मैदानावर बोलावले. मैदान म्हणजे गोदामांमागची मोकळी जागा, गोल म्हणजे दोन विटा. पंधरा-वीस पोरे होती. “सर, एक मारा ना,” म्हणून त्यांनी गलका केला. पँट दुमडून मी पुढे झालो आणि जोराने लाथ मारली. चेंडू पुन्हा एकदा वर, पत्र्याच्या छपरावर. पोरे खो खो हसली. एकजण माकडासारखा सरसर वर चढून चेंडू घेऊन आला.

माझा विद्यार्थी हसला नाही. तो माझ्याजवळ आला आणि माझ्या पायांकडे बोट दाखवून म्हणाला, “सर, मारताना तुम्ही मागे झुकलात, म्हणून तो वर गेला. डावा पाय चेंडूच्या शेजारी ठेवा, आणि छाती चेंडूवर न्या. आता पुन्हा मारा.”